एकसष्ट कुप्या

३ मार्च, सोमवार

सकाळी प्रयोगशाळेच्या फाटकात शिरताना गाडीच्या काचेवर मेलेलं वासरू येऊन आदळलं. चौघांनी पाय धरून, झुलवून फेकलं होतं. काच तडकली आणि वासराची जीभ माझ्या तोंडासमोर काचेला चिकटली. सव्वीस वर्षं मी मेलेली गुरं फाडते आहे, तरी किंचाळले. आमचा रखवालदार काठी घेऊन धावला तसे चौघे पांगले. त्याला सगळे कप्तान म्हणतात. जन्मात कधी जहाज पाहिलेलं नाही, पण शिट्टी अशी वाजवतो की सगळं बंदर त्याच्या हुकमात आहे. काच पुसता पुसता म्हणाला, "बाई, तोंड धुऊन घ्या आधी. तुम्हीच मेल्यासारख्या दिसताय."

वासराचा नमुना लगेच तपासला. लाळ्या खुरकूत. या रोगात मोठी जनावरं बहुधा सावरतात, वासरं दगावतात. पण गुराख्यांच्या डोक्यात एकच बसलंय, की गोठेच्या गोठे रिकामे करणारी बुळकांडी परत आली आणि ती आमच्या इमारतीतून सुटली.

बुळकांडी जगातून नाहीशी होऊन किती वर्षं झाली. विषाणू उरलाय तो मोजक्या प्रयोगशाळांच्या फ्रीझरमध्ये, आणि त्यातली एक आमची. एकसष्ट कुप्या. किल्ली माझ्याकडे. शेवटच्या साथीत वडिलांनी गोठ्यागोठ्यांतून हिंडून गोळा केलेले नमुने आहेत ते. मी तेव्हा नऊ वर्षांची. सैनिकांनी एका खड्ड्याच्या काठावर बेचाळीस जनावरं उभी करून गोळ्या घातल्या. वडील तिथेच उभे होते, मी त्यांच्या कोटाआडून बघत होते. एक तांबडी गाय तीन गोळ्या लागूनही पडेना, नुसती हंबरत होती. वडिलांनी सैनिकाच्या हातातून बंदूक घेतली आणि तिच्या कानाला लावली. त्यानंतर आठवडाभर ते माझ्याशी बोलले नाहीत.

आता आंतरराष्ट्रीय संघटनेचं पत्र आलंय. कुप्या एक तर नष्ट करा, नाहीतर मान्यताप्राप्त केंद्राच्या हवाली करा. मान्यताप्राप्त केंद्रं सगळी श्रीमंत देशांत. पुढच्या सोमवारी त्यांची तपासनीस मोजणीला येणार. संचालक दोन महिन्यांच्या रजेवर. म्हणजे सगळं माझ्या गळ्यात.

५ मार्च, बुधवार

धाकट्या भावाचा फोन आला. तो मंत्रालयातला मोठा अधिकारी, सध्या याच प्रश्नावरच्या परिषदेत आमच्या शिष्टमंडळात आहे. आवाज बसला होता. रोज बारा-बारा तास वाद चाललेत म्हणे.

"ताई, नष्ट करण्याच्या कागदावर सही करू नकोस. काही झालं तरी."

"मुदत महिनाअखेरची आहे रे."

"मुदती असतात वाढवायला. बाबांनी चिखल तुडवत नमुने गोळा केले, त्या नमुन्यांवरून लस श्रीमंत देशांनी केली, आणि बाबांचं नाव कुठे आहे? तळटीपेतसुद्धा नाही. आता म्हणतात, तुमचे तुम्ही जाळून टाका, आमचे आम्ही ठेवतो. आपलं म्हणणं इतकंच आहे की आपल्यालाही केंद्राचा दर्जा द्या."

यात खोटं काय आहे? मलाही तेच वाटतं. कुप्या जळायला हव्यात असं डॉक्टर म्हणून वाटतं, आणि हे कोण सांगणारे असं मुलगी म्हणून वाटतं. दोन्ही एकाच डोक्यात नांदतात.

आईला सांगितलं, तुझा लेक टीव्हीवर दिसला. दिवसभर खूश होती.

१० मार्च, सोमवार

तपासनीस बाई आल्या. उंच, साठीच्या, एका पायाने किंचित लंगडणाऱ्या. तरुणपणी इथे दोन वर्षं शिकल्या, त्यामुळे आपली भाषा येते, पण लिंगाचा पार बट्ट्याबोळ. फाटकावर शंभरेक माणसं घोषणा देत होती. मी विचारलं, घाबरलात का? "मी घाबरला नाही. माझा भूक लागली."

फ्रीझर उघडून मोजणी केली. दार धरून उभा होता तो आमचा बर्फ्या. वीस वर्षं याच खोलीत मदतनीस आहे. त्याला कधी कुणी चिडलेलं पाहिलं नाही म्हणून हे नाव. एकसष्टच्या एकसष्ट भरल्या. तपासनीस बाईंनी खोलीला मात्र नावं ठेवली. कुलूप जुनं, खिडकीला गज एकच पदरी, पहारेकरी एक. "डॉक्टर, हे खोली नाही, हे कपाट आहे." अहवालात लिहिणार म्हणाल्या.

भावाला सांगितलं. तो म्हणाला, फाइलला लावायला एक फोटो पाठव. फ्रीझर उघडा, कुप्या दिसताहेत आणि शेजारी ती बाई, असा. मी काढला आणि पाठवला. लगेच उत्तर: "छान. ताई, तू ग्रेट आहेस."

११ मार्च, मंगळवार

तोच फोटो आज प्रत्येकाच्या फोनवर आहे. खाली लिहिलंय: "परदेशी बाई बुळकांडी मोजून घेते आहे. उद्या तुमच्या गोठ्यात सोडणार."

माझ्या फोनमधला फोटो बाहेर गेलाच कसा? हातमोजे घातलेले असले की फोन मी बर्फ्याकडे देते. दुसरं कोण असणार? सगळ्यांसमोर त्याला वाटेल ते बोलले. वीस वर्षं खाल्लेल्या मिठाला जागला नाहीस म्हणाले, आणखी नको ते म्हणाले. त्याच्या कानांच्या पाळ्या लाल झाल्या. मग जाऊन नळाखाली ट्रे धूत बसला.

भावाला कळवलं. तो म्हणाला, "अशी माणसं असतातच, ताई. त्याचं नाव आणि हुद्दा मला लिहून पाठव." पाठवलं.

१२ मार्च, बुधवार

फाटकावर हजारभर माणसं. काहींनी आजारी गुरंही ओढत आणलीत. कप्तानाच्या डोक्याला दगड लागला, चार टाके घातले. घरी जा म्हटलं तर म्हणाला, "टोपी घातली की दिसत नाही." पोलिसांना तीन फोन केले. "वरून आदेश नाही." भावाला सांगितलं. तो म्हणाला, मी बघतो, आणि लोकांच्या भावना परिषदेतही पोचल्यात, आपली बाजू वजनदार होते आहे. मला धीर आला.

१५ मार्च, शनिवार

दोन दिवस बोटं वळत नव्हती. आज लिहिते. क्रमाने लिहायला हवं, नाहीतर माझाच विश्वास बसणार नाही.

गुरुवारी दुपारी सव्वाबाराला फाटक पडलं. ट्रॅक्टर घालून पाडलं. कप्तान मधे उभा होता, शिट्टी तोंडात. तो बाजूला होईल असं ट्रॅक्टरवाल्याला वाटलं असेल. झाला नाही. मी वरच्या खिडकीतून पाहिलं. लोखंडी दारासकट तो खाली गेला आणि दारावरून माणसं धावत आत आली. किती माणसं धावली त्याच्यावरून. खाली कोण आहे हे काहींना कळलं असणार, कारण ते तेवढ्यापुरती उडी मारत होते.

तपासनीस बाई, बर्फ्या आणि मी फ्रीझरच्या खोलीत. बाकीचे मागच्या भिंतीवरून निसटले होते. जिन्यात काचा फुटण्याचे आवाज. भावाला फोन लावला. त्याने पहिल्या घंटीलाच उचलला.

"ताई, कुप्यांना हात लावू नकोस. पोलीस निघालेत."

"कप्तान मेला रे."

"कुप्यांना हात लावू नकोस, एवढं ऐक."

बाहेर हजार माणसं, त्यांच्यात शेकडो गुरं. एक कुपी फुटली, एकाच्या चपलेला लागली, की वडिलांच्या खड्ड्यापासून पुन्हा सुरुवात. मी फोन ठेवला. तपासनीस बाईंकडे पाहिलं. त्या म्हणाल्या, "कागदावर परवानगी देऊ शकत नाही मी. डोळ्यांनी बघू शकते." व्याकरण एकदम बरोबर.

कुप्यांचे डबे काढले आणि वाफेच्या यंत्रात घातले, ज्यात आम्ही रोजचा संसर्गाचा कचरा मारतो. एकसष्ट मोजल्या. मोजताना वडिलांचं अक्षर दिसत होतं, निळ्या शाईतलं. दार आवळलं, चाक फिरवलं. पाऊण तास लागतो. वीज गेली होती, पण जनरेटर चालू होता.

बर्फ्याने खोलीच्या दाराला टेबल लावलं आणि स्वतः दाराला खांदा लावून बसला. दाराची फळी तडकत गेली. एका भेगेतून पहार आत आली आणि त्याच्या डोळ्यात गेली. तो हलला नाही. खरंच हलला नाही. उजवा हात फटीत होता, तो कडीवरून काढलाच नाही त्याने. पलीकडून त्या हातावर घाव घालत होते, लाकूड फोडावं तसे. तो फक्त विचारत होता, "किती झाली, बाई? किती मिनिटं झाली?"

एकतीस झाली होती तेव्हा दार गेलं.

पहिला आत आला त्याच्या हातात गज होता. तो तपासनीस बाईंच्या दिशेने गेला आणि त्यांच्या चांगल्या पायावर घातला. मी भिंतीवरचं आग विझवायचं नळकांडं उचललं आणि त्याच्या तोंडावर मारलं. जबडा मोडल्याचा आवाज मला ओळखीचा आहे, गुरांचा ऐकलाय. पुन्हा मारलं. तो खाली पडल्यावर तिसऱ्यांदा मारलं. तेव्हा ओळखलं. गेल्या वर्षी त्याची अडलेली गाय मी सोडवली होती. जाताना माझ्या पाया पडला होता. खरं लिहायचं तर तिसऱ्या फटक्याला मला बरं वाटलं. ते बरं वाटणं अजून हातात आहे.

बाकीच्यांनी फ्रीझर उलथवला, रिकामाच. मग यंत्रावर तुटून पडले. पण आत दाब असताना ते दार कुणाच्या बापालाही उघडत नाही. एकाने वाफेची नळी तोडायचा प्रयत्न केला, त्याचा हात भाजला, तो ओरडत पळाला आणि त्याचं ओरडणं ऐकून बाकीचेही पळाले. रोग सुटला असं वाटलं असेल. कुणीतरी जाता जाता कागदपत्रांच्या खोलीला आग लावली.

काटा पंचेचाळिसावर आला तेव्हा मी यंत्रापाशी जमिनीवर बसून होते. बर्फ्याचं डोकं माझ्या मांडीवर, माझा ॲप्रन त्याच्या हाताला गुंडाळलेला. पोलीस सव्वादोनला आले.

१७ मार्च, सोमवार

बर्फ्याचा डावा डोळा गेला. उजव्या हाताची तीन बोटं गेली. तपासनीस बाईंच्या पायात सळई घातली. गज मारणारा शेजारच्याच वॉर्डात आहे, तोंड तारांनी बांधलेलं. त्याची बायको व्हरांड्यात बसली होती, मला पाहून उठून उभी राहिली, आदराने. तिला कुणी सांगितलेलं दिसत नाही.

कप्तानाला पुरून आले. चेहरा दाखवला नाही कुणाला.

धाकटा विमानाने आला. मला मिठी मारली, रडला. आईच्या कुशीत डोकं घालून बराच वेळ बसला. कुप्यांबद्दल रागावेल वाटलं होतं, पण चकार शब्द काढला नाही.

२० मार्च, गुरुवार

भाऊ जबाब टाइप करून घेऊन आला. मला दगदग नको म्हणून स्वतःच लिहिला. त्यात असं आहे: मदतनीसाने माझ्या नकळत फोटो काढून पसरवला, तपासनीस बाई कुप्या बाहेर न्यायच्या बेतात होत्या, गोंधळात त्यांच्याच सांगण्यावरून कुप्या नष्ट झाल्या.

"बाई बाहेर नेत नव्हत्या," मी म्हटलं.

"तू सगळा वेळ त्यांच्यावर नजर ठेवून होतीस का? मग? 'असं दिसलं' एवढंच म्हणायचं." चष्मा पुसत होता. "ताई, हे नाही केलं तर राष्ट्रीय ठेवा नष्ट केल्याचा गुन्हा तुझ्यावर. सात वर्षं. मी तुला वाचवतोय."

बर्फ्याचं काय होणार विचारलं. नोकरी जाईल, फार तर वर्षभर आत, म्हणाला.

त्याला सोमवारपर्यंत थांब म्हटलं. किती धावपळ करतोय माझ्यासाठी. पण सही करण्याआधी बर्फ्याच्या तोंडून एकदा ऐकायला हवं. तो कबूल झाला तर माझ्या मनाला टोचणार नाही.

२१ मार्च, शुक्रवार

हॉस्पिटलात गेले. बर्फ्याची बायको त्याला चमच्याने भात भरवत होती. मला पाहून तिने वाटी खाली ठेवली आणि बाहेर गेली.

मी विचारलं, फोटो का पसरवलास?

त्याने उरलेला डोळा माझ्यावर लावला. "बाई, त्या फोटोत मी आहे. फ्रीझरचं दार धरलंय, हे बघा मनगट, घड्याळासकट. दोन्ही हात दाराला. फोटो तुम्ही काढला. तुम्हीच म्हणालात, जरा मागे सरक, बाईंचा चेहरा झाकतोयस."

मी म्हटलं होतं.

"मग त्या दिवशी बोलला का नाहीस?"

"तुम्ही बोलू कुठे दिलंत? आणि वाटलं, तुम्हाला आपणहून आठवेल."

आठवलं नाही. आठवायचं नव्हतं. फोटो मी एकालाच पाठवला होता, आणि पाठवून दिवस उलटायच्या आत तो जगभर झाला. हे मला त्याच दिवशी कळायला हवं होतं. गेल्या दहा-बारा दिवसांची वही उलटी-सुलटी चाळली तर प्रत्येक पानावर तेच लिहिलेलं आहे, माझ्याच अक्षरात. "पाठवला." "छान." "त्याचं नाव लिहून पाठव." "पाठवलं."

बाहेर त्याची बायको उभी होती. मी काही म्हणायच्या आत तिने माझ्या थोबाडीत मारली. डावा कान अजून वाजतोय. मग ती वाटी घ्यायला आत गेली, भात गार होईल म्हणून.

२३ मार्च, रविवार

भाऊ जेवायला आला. आई वाढत होती. मी सरळ विचारलं.

त्याने नाकारलंही नाही. घास खाली ठेवला. "एका फोटोने काय होतं? फाटकावर पाच-सातशे माणसं दिसावीत, घोषणा व्हाव्यात, तिचा अहवाल अडावा, परिषदेत आपल्याला बोट दाखवता यावं. एवढंच. तिथे रोज हेच चालतं, ताई. सगळे देश करतात. ट्रॅक्टर घालतील हे मला कुठे ठाऊक होतं?"

"पोलीस?"

"थोडा उशीर करा म्हटलं होतं. दोन तास म्हटलं नव्हतं."

"कप्तान दाराखाली होता तेव्हा तू मला कुप्या सांगत होतास."

"बाबांच्या कुप्या होत्या त्या!"

बाबांचं नाव ऐकलं आणि माझा हात पुढे झाला. पाण्याचा तांब्या होता, तोच घातला. भुवई फाटली, रक्त ताटात. पुन्हा उचलला. आई मधे आली, दोन्ही हातांनी माझं मनगट धरलं. सत्त्याहत्तर वर्षांची बाई, एवढी ताकद कुठून आली. "पुरे," म्हणाली. "माझ्या स्वयंपाकघरात नाही."

भाऊ रुमाल कपाळाला लावून निघून गेला. जबाबाचा कागद टेबलावरच राहिला. मी तो फाडला नाही. मागच्या कोऱ्या बाजूवर माझा जबाब लिहिला.

७ एप्रिल, सोमवार

चौकशी समितीसमोर तीन तास. देशातले दोघे, संघटनेचे दोघे, भिंतीवरच्या पडद्यावर आणखी काही चेहरे. मी वाचून दाखवलं. फोटो मी काढला. भावाला पाठवला. मदतनीसाचा दोष नाही. कुप्या मी नष्ट केल्या, कुणाच्या सांगण्यावरून नाही. एका माणसाचा जबडा मी मोडला, आणि शेवटचा फटका गरज नसताना मारला. अध्यक्ष म्हणाले, शेवटचं समितीच्या कक्षेत येत नाही. मी म्हटलं, लिहून घ्या तरी.

तपासनीस बाई चाकाच्या खुर्चीवरून आल्या होत्या. संघटनेच्या वकिलाला माझ्याकडून एक वाक्य हवं होतं, की अशा देशांत नमुने सुरक्षित नसतात. तेही मी दिलं नाही. म्हटलं, खोलीला दुपदरी गज आणि चार पहारेकरी तुम्हीही पाठवू शकला असतात. तुम्ही पत्र पाठवलंत. तपासनीस बाई खाली बघून हसल्या. वकील हसला नाही.

भाऊ समोरच्या रांगेत. भुवईवर पट्टी. एकदाही वर पाहिलं नाही.

१६ एप्रिल, बुधवार

मला निलंबित केलंय, खटला उभा राहील. बर्फ्यावरचं सगळं मागे घेतलं. भावाला पदावरून काढलं आणि अटक करून जामिनावर सोडलं. मंत्रालय म्हणतं, त्याने सगळं स्वतःच्या मनाने केलं; वर कुणालाच काही ठाऊक नव्हतं. पोलीस अडवण्याएवढा तो मोठा नव्हता. पण त्याच्या वरच्या माणसांनी मला कधी फोनच केला नाही, मग मी नाव कुणाचं घेणार?

भावाची बायको मुलांना घेऊन माहेरी गेली आहे. परिषदेने ठराव केला, आपला देश आता 'विषाणूमुक्त'. अभिनंदनाचं पत्र आलं आहे.

१९ एप्रिल, शनिवार

आईने बॅग भरली. चार साड्या, औषधांचा डबा, चष्मा.

मी म्हटलं, "आई, त्याने काय केलंय ते तुला कळलंय ना?"

"कळलंय. तू खरं बोललीस तेही कळलंय. तू नसतीस बोललीस तर मी तुझ्या हातचं जेवले नसते."

"मग?"

ती साडीच्या घड्या दाबत राहिली. "तुझ्याकडे यायला आता माणसं आहेत. तो बर्फ्या परवा आलाच होता ना? धाकट्याच्या दारात कुणी जाणार नाही. आणि त्याचं लक्षण मला ठीक दिसत नाही. फोनवर बोलतो ते निरवानिरवीचं बोलतो."

"मी त्याच्या डोक्यात तांब्या घातला, आई."

"पाहिलंय मी. जखम चिघळली आहे, सोमवारी त्याला दवाखान्यात न्यायचंय."

बॅग मी उचलली. टॅक्सीपर्यंत गेलो. बसायला मदत केली, पट्टा लावून दिला. तिने काच खाली केली आणि माझा चेहरा दोन्ही हातांत धरला, लहानपणी ताप पाहताना धरायची तसा.

"त्याला काही सांगू का तुझं?"

मागे एक ट्रक हॉर्न वाजवत होता.

"सांग, कप्तानाच्या घरी जाऊन ये म्हणावं. एकट्याने. फोन न करता."

आईने मान हलवली. "मी घेऊन जाईन," म्हणाली. "तो नाही म्हणाला तर कान धरून."